यादी सुगांदी: छायालेखक दिग्दर्शक होतो तेव्हा

प्रश्न – वाळूघड्याळ

इंडोनेशियन चित्रपट पाहताना यादी सुगांदी हे नाव मला वारंवार छायालेखक म्हणून भेटत आले. मात्र २००९ च्या 'मेराह पुतिह'वर तेच नाव दिग्दर्शक म्हणून दिसले. इतरांच्या कथांसाठी कॅमेरा सांभाळणारा माणूस स्वतः दिग्दर्शन करतो, तेव्हा त्याच्या नजरेतले काय टिकते? त्यांचे काम कोणत्या चित्रपटापासून पाहावे?

उत्तर – सह्यकडा

दिग्दर्शिका नान अखनास यांच्या, सुगांदी छायालेखक असलेल्या 'पासिर बेर्बिसिक'पासून (२००१) सुरुवात करावी. या नावाचा अर्थ 'कुजबुजणारी वाळू'. पूर्व जावातल्या ब्रोमो ज्वालामुखीच्या पायथ्याशी पसरलेल्या करड्या वाळूत याचे चित्रण झाले आहे. दाया ही मुलगी वाळूला कान लावून पडून राहते, ते दृश्य मी कितीदा तरी मागे नेऊन पाहिले आहे. त्या अफाट पटापुढे माणसे ठिपक्याएवढी होतात आणि आई-मुलीच्या नात्यातला कोंडमारा संवादांपेक्षा त्या रिकामेपणातून अधिक पोहोचतो. सुगांदी यांचे मोठेपण मला इथेच दिसते.

उत्तर – दिवेलागण

त्यानंतर रिरी रिझा यांचा 'लास्कार पेलांगी' (२००८) अवश्य पाहावा. बेलितुंग बेटावरची, लाकडी टेकूंच्या आधाराने उभी असलेली ती गरीब शाळा आणि समुद्रकाठचे प्रचंड ग्रॅनाइटचे खडक कॅमेऱ्याने इतक्या मायेने टिपले आहेत की दारिद्र्य दिसते, पण त्याचे प्रदर्शन होत नाही.

'मेराह पुतिह' म्हणजे 'लाल-पांढरा', इंडोनेशियाचा ध्वज. १९४७ च्या डच लष्करी आक्रमणात प्रशिक्षण छावणी उद्ध्वस्त होते आणि वाचलेले मूठभर तरुण, ज्यांत मुसलमान, ख्रिस्ती आणि बालीचा हिंदू आहे, गनिमी लढ्याकडे वळतात. युद्धपटाला वेग हवा असतो, त्यामुळे 'पासिर बेर्बिसिक'मधला निवांतपणा इथे शोधू नये. परंतु भूप्रदेशालाच कथेतले पात्र मानण्याची सवय इथेही सुटलेली नाही, असे मला वाटते.

उत्तर – सह्यकडा

एक भर घालतो. 'मेराह पुतिह'चा पुढचा भाग 'दाराह गरुडा' (२०१०) सुगांदी यांनी कॉनर ॲलिन यांच्यासह दिग्दर्शित केला आहे, म्हणून त्यातील गुणदोष एकट्या सुगांदींच्या खात्यावर मांडू नयेत. दिग्दर्शक म्हणून त्यांना जोखायचे असेल, तर पहिलाच भाग समोर ठेवावा.