साच्यातली पोस्ट ऑफिसं: वारसा की नुसत्या विटा?

टपालवेडा: १९३० च्या दशकात, महामंदीत लोकांच्या हाताला काम मिळावं म्हणून अमेरिकी सरकारने हजाराहून जास्त पोस्ट ऑफिसं बांधली, त्यातली बरीचशी छोट्या गावांत. आता टपालखातं त्यातल्या कित्येक इमारती विकून मोकळं होतंय. माझं स्पष्ट मत: पोस्ट तिथेच राहावं.

विटकरी: वारसा कसला? नकाशे वॉशिंग्टनहून यायचे. लाल विटा, उंच जोतं, मधोमध दार, वर जमलं तर छोटा मनोरा. कोनशिलेवरही तीच नावं: अर्थमंत्री मॉर्गेंथाऊ, पोस्टमास्तर जनरल फार्ली, वास्तुविशारद लुई सायमन. एक पाहिलं की सगळी पाहिली! शिवाय दारापुढच्या त्या पायऱ्या. चाकाच्या खुर्चीवरच्या माणसाने काय करायचं? नंतर जोडलेले रॅम्प म्हणजे दर्शनी भागाला मारलेलं ठिगळ.

टपालवेडा: पायऱ्यांचं मान्य. पण जरा आत तर शिरा. पोस्टमास्तरच्या खोलीच्या दारावरची भिंत बहुतेक ठिकाणी चित्रासाठी असायची. १९३४ मध्ये ट्रेझरीने, म्हणजे अमेरिकी अर्थखात्याने, त्यासाठी वेगळा कलाविभाग काढला, तो १९४३ पर्यंत चालला. बांधकामखर्चाचा साधारण १ टक्का कलेला. स्पर्धेत चित्रकाराचं नाव झाकलेलं. कित्येक चित्रांत दाराची चौकट खालून थेट घुसते, मग बैल, माणसं, गाड्या सगळं तिच्या दोन बाजूंना बसवायचं. हे चित्र दुसऱ्या भिंतीवर लावलं की मधला तो खड्डा कशासाठी, तेच कळणार नाही.

सरळमार्गी: बरीच चित्रं कॅनव्हासवर रंगवून भिंतीला चिकटवलेली आहेत, सोडवून नेता येतात. आणि फार हळवं व्हायला नको. दक्षिणेत कापूस वेचणारे कृष्णवर्णीय मजूर रंगवलेत, त्यांवरून आज वाद आहेत. रोज तिकिटं घ्यायला येणाऱ्याने ते का बघावं?

जुनापत्ता: मला चित्रापेक्षा माथ्यावरचा बोळ भारी वाटतो. बऱ्याच इमारतींत कामाच्या खोलीवर एक अरुंद बंदिस्त मार्ग असे, बारीक फटी ठेवलेला. टपाल निरीक्षक वेगळ्या वाटेने त्यात शिरून पाकिटं कोण फोडतंय ते बघायचे, खाली कुणाला पत्ता लागत नसे. ही इमारत कामावरून आखलेली आहे, नुसती शोभेची नाही. त्याआधी छोट्या गावात पोस्ट म्हणजे किराणा दुकानाचा कोपरा. वॉशिंग्टनमध्ये पक्ष बदलला की पोस्टमास्तर बदलायचा आणि पोस्ट दुसऱ्या दुकानात जायचं.

विटकरी: मग पोस्ट हलवायची परंपरा जुनीच की!

जुनापत्ता: ती मोडायलाच तर या विटा रचल्या.

सरळमार्गी: भावना ठीक, कायद्याचं बोला. १९६६ च्या वारसा कायद्याने विक्रीआधी वास्तूवरचे परिणाम तपासावे लागतात, पण विक्री अडवायची ताकद त्यात नाही. फार तर खरेदीखतात अट घालता येते.

टपालवेडा: मग अटीचाच आग्रह धरू. पोस्ट गेलं तरी दालन, खिडक्या आणि ती भिंत अखंड राहायला हवी.

विटकरी: रॅम्प नीट बांधायची अटही घाला, मग माझी हरकत नाही.