‘क्रॅक’ या इंग्रजी शब्दाचे नक्की किती अर्थ?

अनुस्वार:
सबटायटलच्या भाषांतरात ‘क्रॅक’ सारखा आडवा येतो. मराठीत आपलं तडा, परीक्षा क्रॅक करणं आणि ‘तो जरा क्रॅकच आहे’ एवढ्यावर भागतं. पण ही चार वाक्यं बघा: ‘क्रॅक द विंडो’, ‘लेट्स क्रॅक ऑन’, ‘व्हॉट्स द क्रॅक?’ आणि एका गेमरच्या तोंडचं ‘ही इज क्रॅक्ड’. पहिल्याचं ‘काच फोड’ होईल असं वाटतं, पण प्रसंगात गाडीत नुसतं उकडतंय. अर्थ ओळखायचा कशावरून?

खडूफळा:
उकडतंय ना, मग ‘काच जरा खाली घे’. इथे क्रॅक म्हणजे फट. दाराबद्दल असेल तर मराठीत ‘किलकिलं’ हा नेमका शब्द आहे.

हा शब्द मुळात आवाजाचा, आपल्या ‘कडकन’सारखा. जर्मनमधलं ‘क्राखन’ त्याचंच भावंड. आवाजावरून तडा, तड्यावरून फट, ही एक वाट. दुसरी वाट मोठ्याने बोलण्याकडे जाते: फुशारकी, कौतुक, गप्पा. म्हणून ‘नॉट ऑल इट्स क्रॅक्ड अप टु बी’ म्हणजे गाजावाजा झाला तेवढं त्यात काही नाही. तड्याशी त्याचा संबंध नाही. १९८०च्या दशकात पसरलेल्या क्रॅक कोकेनचं नावही ते ओढताना होणाऱ्या तडतड आवाजावरूनच पडलं.

शेपूटबघ्या:
क्रॅकच्या मागेपुढे काय आहे ते आधी बघा, निम्मं काम तिथेच होतं. ‘क्रॅक ऑन’ ब्रिटिश: चला, उरका. ‘क्रॅक डाउन’ म्हणजे कारवाईचा बडगा. ‘हॅव अ क्रॅक ॲट इट’ म्हणजे प्रयत्न करून बघ. नामाच्या आधी विशेषण म्हणून आला तर निवडक, पटाईत. ‘क्रॅक टीम’चं ‘वेडं पथक’ झालेलं वाचून हसावं की रडावं कळत नाही.

खरा घोळ ‘क्रॅक अप’चा. ‘ही क्रॅक्स मी अप’ असं कर्म असेल तर बहुतेक वेळा हसून पुरेवाट. कर्म नसलं, नुसतं ‘ही क्रॅक्ड अप’ असेल, तर मागचे दोन प्रसंग बघा. ताण साचत आला असेल तर तो माणूस मनाने कोलमडलाय, हसलेला नाही.

‘व्हॉट्स द क्रॅक?’ आयर्लंडचं दिसतंय. लिहिताना तिथे सी-आर-ए-आय-सी, उच्चार मात्र तोच. स्कॉटलंड आणि उत्तर इंग्लंडमधल्या ‘गप्पा, बातमी’ या अर्थाचा हा शब्द आयर्लंडच्या उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतात गेला, आयरिश भाषेने तो आपल्या स्पेलिंगमध्ये बसवला आणि त्याच वेषात तो इंग्रजीत परत आला. ‘काय विशेष?’ लिहा. ‘गुड क्रॅक’ असेल तर ‘मजा आली’. कानाने ऐकून लिहिणारे इथे हमखास अंमली पदार्थ घुसवतात.

तिसराडाव:
गेमरच्या ‘क्रॅक्ड’चे दोन अर्थ, आणि दोन्ही एकाच सामन्यात येतात. एपेक्स लेजंड्स किंवा फोर्टनाइटसारख्या गोळीबाराच्या गेममध्ये लढाई चालू असताना शत्रूबद्दल घाईत ओरडलं तर त्याचं शील्ड, म्हणजे संरक्षक कवच, फुटलंय, तुटून पडा. निवांतपणे एखाद्या खेळाडूबद्दल म्हटलं तर ‘काय जबरदस्त खेळतो!’ तुमच्या वाक्याआधी गोळ्यांचा आवाज आहे का बघा.

उलट दिशेने जातानाही जपा. आपलं ‘तो क्रॅक आहे’ इंग्रजीत तसंच जात नाही. ब्रिटिश ‘ही इज क्रॅकर्स’ म्हणतात, शेवटी ‘स’ हवाच. तो गाळून अमेरिकेत कुणाला ‘क्रॅकर’ म्हणालात तर ती गोऱ्यांना, त्यातही दक्षिणेतल्या गरीब गोऱ्यांना दिली जाणारी शिवी होते. ‘आर यू ऑन क्रॅक?’चं ‘डोकं ठिकाणावर आहे का?’ चालेल, पण मूळ वाक्य त्याहून उद्धट आहे.

अनुस्वार:
गोळ्यांचा आवाज आहे! म्हणजे शील्डच. आणखी एक: ‘क्रॅक ऑफ डॉन’?

खडूफळा:
‘तांबडं फुटताना’. फुटणं आपल्याकडेही आयतंच आहे. आणि उशिरा उठणाऱ्याला कुणी ‘क्रॅक ऑफ नून’ म्हणून चिडवलं, तर खुशाल ‘दुपार फुटताना’ लिहा.