ताराराणी आणि हेरवाड
कुणीतरी लिहिलंय की, कोल्हापूरच्या बाईचं धैर्य बघायचं तर कावळा नाक्यावरचा ताराराणींचा पुतळा बघा. अगदी मान्य. पण १७०० साली राजाराम महाराज गेले तेव्हा त्या जेमतेम पंचविशीच्या विधवा होत्या आणि तिथून पुढं सात वर्षं औरंगजेबाशी लढल्या, हे सांगायचं राहिलं.

म्हणून मला हेरवाड महत्त्वाचं वाटतं. कोल्हापूर जिल्ह्यात शिरोळ तालुक्यातल्या या गावानं मे २०२२ मध्ये ठराव केला: नवरा गेल्यावर कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं बंद. ठराव कागदावर होतो, निभवावा लागतो बाईलाच. आमच्या विधवा आत्यानं त्यानंतरच्या संक्रांतीला हळदीकुंकवाचं बोलावणं केलं, तर गल्लीतल्या तिघीच आल्या. पुढच्या वर्षी तिनं पुन्हा सगळ्यांना बोलावलं.