एकट्याने डॉक्युमेंट्री : कोणतं काम आधी दुसऱ्याकडे द्यावं?

कुडाळकर: दशावतारी मंडळावर तासाभराची डॉक्युमेंट्री करतोय. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, साउंड, एडिट सगळं माझ्याकडेच. पैसे एकाच माणसापुरते आहेत, तेही जत्रेच्या रात्रींचेच. कॅमेरा असिस्टंट घेऊ की पुढे एडिटर?

ध्वनीवेडा: दोन्ही नको, साउंडवाला घ्या. जरा हललेला शॉट खपतो, फाटलेला आवाज खपत नाही. आसामी दिग्दर्शिका रीमा दास यांनी 'व्हिलेज रॉकस्टार्स' या चित्रपटाचं लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, एडिट, निर्मिती सगळं स्वतः केलं. लोकेशन साउंड (शूटिंगच्या जागीच रेकॉर्ड होणारा आवाज) मात्र मल्लिका दास यांच्याकडे होता. 2018 मध्ये जाहीर झालेल्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्यालाही पुरस्कार होता.

दशावतारात संवाद ऐनवेळचे, म्हणजे रिटेक नाही. मांडवातल्या मिक्सरची फीड (वायरने थेट येणारा आवाज) मागून घ्या, पण रेकॉर्डरचं इनपुट 'लाइन'वर ठेवा, ते मिक्सरच्या जोरकस सिग्नलसाठी असतं. 'माइक'वर राहिलं तर आवाज आत शिरतानाच फाटतो, मग लेव्हल कितीही खाली आणा. फीडमध्ये प्रेक्षक येत नाहीत, त्यांच्यासाठी वेगळा स्टीरिओ माइक. रेकॉर्डरची सेटिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिट; पीक, म्हणजे सर्वांत मोठा आवाज, मीटरवर उणे 12 डीबीच्या आसपास. आड-दशावतारात (आख्यानाआधीच्या सुरुवातीच्या भागात) लेव्हल लावून निर्धास्त होऊ नका. आख्यानातल्या युद्धाला झांज कुठच्या कुठे जाते.

कुडाळकर: कॅमेरा ट्रायपॉडवर लॉक करून हेडफोन मीच लावला तर?

फ्रेमवाला: वाइड मिळेल, पण चेहरे कोण टिपणार? नको. सेकंदाला 24 फ्रेम, शटर 1/50 ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, 1/60 ला स्वस्त एलईडीचे पट्टे फ्रेममध्ये फिरतात. कॅमेरा 100 एमबीपीएसला (सेकंदाला 100 मेगाबिट) रेकॉर्ड करत असेल तर तासाला 45 जीबी, म्हणजे पाच तासांच्या नाटकाला 225. दोन ड्राइव्हवर कॉपी होऊन उघडून बघितल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करू नका. पहाटे डोळ्यांवर झोप असताना तर नकोच.

जोडकाम: दर तासाला एकदा कॅमेरा आणि रेकॉर्डर दोन्हींवर टाळी रेकॉर्ड करा, म्हणजे एडिटला चित्र-आवाज तिच्यावरून जुळवता येतात. कॅमेरा आणि रेकॉर्डरची घड्याळं वेगवेगळी चालतात, लांब टेकमध्ये ओठ आणि शब्द सुटे होतात. एडिट तुम्ही करा, पण रफ कट (पहिली कच्ची जोडणी) शूटिंगला नसलेल्या कुणाला तरी दाखवा. कष्टाने मिळालेला शॉट आपल्याच हातून कापला जात नाही.

आणि मंडळाच्या मालकांची लेखी परवानगी शूटिंगच्या आधी घ्या. नाट्यपदं कोणाची आहेत तेही विचारून ठेवा : लेखक-संगीतकारांच्या निधनानंतर 60 वर्षं हक्क राहतो.

कुडाळकर: मग साउंडवालाच. रेकॉर्डर त्याचा की भाड्याने?

ध्वनीवेडा: त्याचाच. सवयीच्या यंत्रावर अंधारात चुका कमी होतात. बॅटरीचे दोन जादा सेट तेवढे तुम्ही न्या.