युद्ध संपल्यावर आधी काय? पैसा, कोर्ट की जमीन?

गंगापूररोडकर
मंडळी एक प्रश्न आहे, जरा सविस्तर सांगा. आमचा रविवारचा ग्रुप आहे, सकाळी सोमेश्वरला चक्कर आणि मग मिसळ खाता खाता वाद, ठरलेला कार्यक्रम. यावेळी विषय निघाला की युद्धात पार धुळीला मिळालेला देश परत उभा राहतो तो नक्की कशाने. ग्रुपमधले एक काका ठाम आहेत, म्हणे पैसा, दुसरं काही नाही, मार्शल प्लॅन बघ, १९४८ ते १९५२ मध्ये अमेरिकेने पश्चिम युरोपला साधारण १३ अब्ज डॉलर दिले आणि बघता बघता जर्मनी जगाला गाड्या विकायला लागला. मी म्हटलं मग अफगाणिस्तानचं काय, तिथे त्याच अमेरिकेने पुनर्बांधणीवर १४० अब्जाच्या वर घातले, महागाई धरून हिशोब केला तरी मार्शल प्लॅनपेक्षा जास्तच, आणि ऑगस्ट २०२१ ला सगळा डोलारा काही दिवसांत बसला ना. यावर काकांनी एक्स्ट्रा रस्सा मागवला आणि विषय बदलला.

तर पैसा नाही तर मग काय? निवडणुका? गुन्हेगारांना शिक्षा? की झालं गेलं गंगेला मिळालं म्हणून सोडून द्यायचं?

सातपूर_एमआयडीसी
सोप्पंय. जर्मनीत इमारती पडल्या होत्या पण फिटर, टर्नर, इंजिनियर जिवंत होते. हाताला काम माहीत होतं, फक्त भांडवल पाहिजे होतं. अफगाणिस्तानात ते नव्हतं. विषय संपला.

देवळालीकर_निवृत्त
सातपूरवाले भाऊ, एवढ्यात संपत नाही विषय. मी फौजेत होतो, त्यामुळे माझी नजर आधी जाते ती बंदूकवाल्यांकडे. लढाई थांबली म्हणजे लढणारे हवेत विरघळत नाहीत. विशीतला पोरगा, शाळा अर्धवट, येतं काय तर फक्त रायफल उघडायला आणि जोडायला, त्याचं दुसऱ्या दिवशी सकाळी काय करणार ते आधी सांगा. इराकमध्ये मे २००३ ला अमेरिकेच्या प्रशासकाने एका आदेशात अख्खं सैन्य बरखास्त केलं, लाखो माणसं घरी, पगार बंद, आणि हत्यार चालवायचं ट्रेनिंग मात्र पक्कं. त्यातले कितीतरी पुढे बंडखोरांना जाऊन मिळाले. आता यात नवल ते काय.

उलट टोक म्हणजे आफ्रिकेतला लायबेरिया, तिथली यादवी तेव्हा नुकतीच संपली होती. तिथे २००३ च्या डिसेंबरात शस्त्र जमा करायची मोहीम सुरू झाली, हत्यार द्या आणि दोन हप्त्यांत ३०० डॉलर घ्या. पहिल्याच दिवसांत एवढी झुंबड उडाली की दंगल झाली आणि मोहीम काही महिने थांबवावी लागली. शेवटी लाखाच्या वर लोकांनी लढवय्ये म्हणून नाव नोंदवलं आणि जमा झालेली शस्त्रं ३० हजाराच्या आत. म्हणजे कधी बंदूक न धरलेले पण यादीत घुसले, आपल्याकडे घरकुलाच्या यादीत घुसतात तसे. तरी मी म्हणेन की तो खर्च वाया गेला नाही. नंतर तिथे जानेवारी २००७ पासून भारताची महिला पोलिसांची तुकडी होती, शंभरावर बायका, यूएनची अशी पहिलीच. त्या गस्त घालताना दिसायला लागल्या तशा तिथल्या पोरी पण पोलीस भरतीला यायला लागल्या. रस्ता बांधून एवढा विश्वास बसत नाही.

निफाडचा_द्राक्षवाला
देवळालीकर साहेबांचं पटतं पण पोरगा बंदूक ठेवून जाणार कुठे, शेतावरच ना. तिथेच खरी मेख आहे. काबूलच्या उत्तरेला शोमालीचं पठार आहे, द्राक्षाचा पट्टा, आपल्या पिंपळगाव निफाडसारखाच म्हणा. १९९९ मध्ये तालिबानने तिथली घरं जाळली, बागा तोडल्या, पाण्याचे कालवे उडवले. आता ज्वारीचं रान जाळलं तर माणूस पुढच्या पावसाला परत पेरतो. बाग तोडली तर रूटस्टॉक (कलमासाठीचं मुळाचं रोप) लावा, कलम भरा, ओलांडे (वेलीच्या आडव्या फांद्या) तयार करा, औषधं मारा, पहिला माल हातात येईस्तोवर दोन-तीन वर्षं नुसता खर्चच खर्च, उत्पन्न शून्य. असा पैसा माणूस कधी घालतो? तीन वर्षांनी पण जमीन माझ्याच ताब्यात राहील याची खात्री असेल तेव्हाच. नाहीतर तो गांजा, अफू असलं झटपट पीक घेतो किंवा गाव सोडतो.

आणि तिथे तर जमिनीत सुरुंग. साफ करणारे लोक दगडांना रंग देतात, लाल दगडाच्या पलीकडे सुरुंग, पांढऱ्याच्या बाजूला साफ. म्हणजे शेतकरी छाटणीची कात्री हातात घेऊन आधी दगडाचा रंग बघणार. तरी २००१ नंतर लोक परतले, बागा लावल्या, काही ठिकाणी तर जुन्या पद्धतीचे मातीचे वरंबे सोडून तारेचे मांडव पण आले. लोक तयारच असतात हो. पण एक विचारायचंय, कागद जळाले असतील, तलाठी पळून गेला असेल तर सातबारा कुणाचा लागायचा? आपल्याकडे युद्ध नसून बांधावरून डोकी फुटतात.

वकील_ताई_सीबीएस
दादा, नेमका मुद्दा काढलात. मोझांबिकमध्ये १९७७ ते १९९२ यादवी होती, लाखो लोक गावं सोडून गेलेले, परत आले तर कुणाकडे कागद नाही. त्यांनी १९९७ च्या जमीन कायद्यात मान्य केलं की दहा वर्षं प्रामाणिकपणे कसत असलेल्याचा हक्क कागदाविना पण धरायचा आणि शेजाऱ्यांची तोंडी साक्ष चालेल. अंमलबजावणीत भानगडी आहेतच, मोठ्या कंपन्यांनी जमिनी घेतल्या वगैरे, पण विचार शहाणपणाचा.

रवांडाचं पण सांगते. १९९४ मध्ये हुतू जमातीतल्या कट्टरवाद्यांनी शंभरेक दिवसांत सुमारे ८ लाख माणसं मारली, बहुतेक तुत्सी जमातीची. तुरुंगात लाखाच्या वर आरोपी, नेहमीच्या कोर्टात चालवलं असतं तर शंभर वर्षं लागली असती. म्हणून गावागावात गचाचा नावाची लोकन्यायालयं, जवळपास १२ हजार, गावाने निवडलेले न्यायाधीश आणि वकिलांना मज्जाव (आमचा धंदाच बंद!). २०१२ ला बंद होईपर्यंत १९ लाखांच्या आसपास खटले निकाली निघाले. लोकांना वाटतं सगळे खुनाचे, पण बहुतेक खटले लुटीचे होते, शेजाऱ्याची गाय नेली, पत्रे काढून नेले असले. यात सगळं गोड नव्हतं, सत्तेवर आलेल्या बाजूच्या सैनिकांनी केलेल्या हत्या तिथे चालल्याच नाहीत, आणि ती सल अजून आहे. मी याला पूर्ण न्याय म्हणणार नाही.

आणि गंगापूररोडकर, तुमच्या काकांना विचारा, १९५२ चा जर्मनीतला कायदा माहीत आहे का. पूर्वेकडून हाकललेले लाखो निर्वासित पश्चिम जर्मनीत आले होते. सरकारने ज्यांची मालमत्ता वाचली होती त्यांच्यावर १९४८ च्या किमतीच्या निम्म्याएवढा कर बसवला, ३० वर्षांत हप्त्याने भरायचा, आणि त्यातून सगळं गमावलेल्यांना भरपाई. मार्शल प्लॅनचं नाव सगळे घेतात, याचं कुणी घेत नाही.

गंगापूररोडकर
ताई भारी! काकांना हे वाचून दाखवलं, ते म्हणे हा पण पैसाच झाला की 😄 पण मला शंका आहे, माझं घर दुसऱ्याने बळकावलं आणि तो पण बिचारा दुसरीकडून हाकललेलाच असेल तर?

वकील_ताई_सीबीएस
बोस्नियात अगदी हेच झालं. तिथलं युद्ध संपवणाऱ्या १९९५ च्या डेटन कराराने मूळ घरी परतायचा हक्क दिला, पण घरात दुसरे निर्वासित राहत होते, त्यांच्या घरात तिसरे. सुरुवातीची वर्षं स्थानिक पुढारी फायली दाबून बसायचे, मग आंतरराष्ट्रीय प्रतिनिधीने असल्या काही महापौरांना, अधिकाऱ्यांना थेट पदावरून काढलं तेव्हा गाडी हलली. सुमारे दोन लाख घरं परत मिळाली. बऱ्याच जणांनी मात्र चावी घेतली, घर विकलं आणि आपल्या जातभाईंच्या शहरात जाऊन राहिले.

सातपूर_एमआयडीसी
म्हणजे घर मिळालं, शेजार नाही. बरं ते फिटर-टर्नरचं माझं म्हणणं कुणी खोडलं नाहीये अजून.