शब्दचर्चा : निला, नीला आणि आत्याची पंचाईत

आत्या :
येत्या रविवारी भाचीचं बारसं आहे. वहिनी मदुरैची. दोघांनी मिळून नाव ठरवलंय 'निला'. कानात कुर्रर्र करायचं काम माझं, म्हणून आधी अर्थ नीट कळावा म्हटलं. आई म्हणते, नीला म्हणजे निळी, आणि नीलमचा खडासुद्धा सगळ्यांना लाभत नाही, नाव कशाला ठेवता! बाळाच्या नावांच्या याद्या चाळल्या. एकीत अर्थ 'निळ्या रंगाची', दुसरीत 'चंद्र'. वर मथळा 'हिंदू आणि तमिळ नावे', जणू तमिळ माणसं हिंदू नसतातच. वहिनीला विचारलं तर ती हसून खिडकीबाहेर बोट दाखवते. संध्याकाळची वेळ होती म्हणा, पण मला दिसली ती समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी.

अजून एक. वहिनीच्या वडिलांनी पाळण्यातलं नाव म्हणून 'अंगयर्कण्णी' सुचवलंय. एका दमात म्हणता येत नाहीये. कुणी सोडवा.

चेन्नईत बरीच वर्षं काढलेला :
टाकीच्या वर बघायचं होतं, ताई! निला म्हणजे चंद्र, चांदणंही. शुद्ध तमिळ शब्द, संस्कृत नीलशी काही नातं नाही. याच कुळातला तेलुगू 'नेल' म्हणजे चंद्र आणि महिनाही, जसा आपल्याकडे 'मास'. चांदण्यात गच्चीवर सगळ्यांनी मिळून जेवायचं त्याला तिकडे 'निलाच्चोरु' म्हणतात, चोरु म्हणजे भात. आपली कोजागरी आठवा, फक्त मसाला दुधाच्या जागी दहीभाताचे गोळे.

निळ्या रंगाला तमिळमध्ये 'नीलम्', आणि त्यातला नी दीर्घ. तिकडे कुणी निला आणि नीला यांत गल्लत करत नाही. गल्लत होते ती रोमन लिपीत, तिथे दोन्हीचं स्पेलिंग बऱ्याचदा एकच. याद्या करणारे त्यावरूनच अर्थ चिकटवतात. आपल्या लेखनाच्या नियमानंही हे छान बसतं. तत्सम 'नीला' दीर्घ. बाकी शब्दांत शेवटचं अक्षर दीर्घ असेल तर उपान्त्य, म्हणजे त्याच्या आधीचा, इकार ऱ्हस्व : दिवा, विळा, किडा, तशीच निला. म्हणजे तुमच्या भाचीचा चंद्र एका वेलांटीवर उभा आहे. आईंना सांगा, शनीचा यात काही संबंध नाही.

लिपीवेडी :
वरच्या मुद्द्याला पुस्ती. तमिळ लिपीत क, ख, ग, घ या चौघांना मिळून एकच अक्षर. कुठे क म्हणायचं आणि कुठे ग, ते शब्दातल्या जागेवरून कळतं. गांधी आणि कांती तमिळमध्ये लिहिले तर अक्षरं तीच! अनुनासिकानंतर उच्चार मृदू होतो, म्हणून 'अन्पु' (प्रेम) लिहायचं आणि म्हणायचं 'अन्बु'. त्यातून झालं अन्बळगन, म्हणजे प्रेम अधिक देखणा.

आपल्या वर्तमानपत्रांतला 'सेंथिल' याच घोटाळ्याचा बळी. तमिळ माणूस रोमनमध्ये दन्त्य त साठी 'टीएच' लिहितो, आपण त्याचा थ करतो. नाव आहे सेंदिल, तिरुचेंदूरच्या मुरुगनाचं, म्हणजे आपल्या कार्तिकेयाचं. कनिमोळीचंही तेच. हिंदीवाले 'कनिमोझी' लिहितात, पण त्यात झ चा लवलेश नाही. कनि म्हणजे फळ, मोळी म्हणजे बोली. म्हणजे गोड बोलणारी. तो वर्ण आपल्या ळ च्या जवळचा, पण जीभ आणखी मागे वळवून घोळवलेला. देवनागरीत त्यासाठी खाली टिंब दिलेला ऴ आहे, वापरतो कोण!

आणखी एक :
मुलीला वळ्ळी नाव ठेवू नका म्हणजे झालं. मुरुगनाच्या बायकोचं सुंदर नाव, अर्थ वेल. पण पुण्यात ळ चा ल होणार आणि जन्मभर 'काय वल्ली आहे' ऐकावं लागणार.

कोशप्रेमी :
'शुद्ध तमिळ' म्हणालात म्हणून एक मजेची गोष्ट. तमिळमधून संस्कृत शब्द वगळायची चळवळ 1916 मध्ये सुरू झाली. तिचे प्रणेते स्वामी वेदाचलम. त्यांनी आधी स्वतःच्याच नावाचं भाषांतर केलं : वेद म्हणजे मरै, अचल म्हणजे मलै, स्वामी म्हणजे अडिगळ. झाले मरैमलै अडिगळ. त्यांच्याही आधी तमिळ पंडित सूर्यनारायण शास्त्रींनी परिदिमाऱ् कलैञर हे नाव घेतलं होतं. सूर्याचा परिदि, नारायणाचा माल आणि शास्त्रींचा कलैञर. यातला परिदि मात्र संस्कृत 'परिधी'चाच अवतार दिसतो, संस्कृत दारातून घालवलं की खिडकीतून येतं. द्रविड चळवळीचे करुणानिधी जन्मले दक्षिणामूर्ती म्हणून, पुढे नाव घेतलं तेही अस्सल संस्कृत. आणि 1953 मध्ये मुलाचं नाव ठेवलं स्टॅलिन! तमिळ, संस्कृत, रशियन, सगळं एका घरात.

आज कविन (देखणा), ओविया (चित्र), इनिया (गोड), यालिनी (याळ या तंतुवाद्यावरून) अशी नावं तिकडे जोरात आहेत. आपल्याकडच्या 'रेयांश'पेक्षा बरी. त्यातला अंश संस्कृत, पण रेय कुठला? संस्कृतात 'रे' म्हणजे अरे. अरेचा अंश!

चेन्नईत बरीच वर्षं काढलेला :
आडनावाचा प्रश्न येईलच, म्हणून आधीच सांगतो. तिकडे वडिलांचं नाव पुढे, बहुधा आद्याक्षरापुरतं. विश्वनाथन आनंदमध्ये विश्वनाथन हे वडील. जग त्याला लाडानं 'विशी' म्हणतं, म्हणजे बापाला हाक मारतं. जातीची उपनामं टाकायचा ठराव 1929 मध्ये चेंगलपट्टूला पेरियारांच्या जातिविरोधी स्वाभिमान चळवळीच्या परिषदेत झाला होता, त्याचा परिणाम आजही दिसतो.

कोशप्रेमी :
परकं परकं म्हणून लांब ठेवायला नको. आपला व्यंकटेश घ्या. वेंगडम् हे तिरुपतीच्या डोंगराचं नाव, तोल्काप्पियम या प्राचीन तमिळ व्याकरणग्रंथाच्या प्रास्ताविकात तमिळ प्रदेशाची उत्तर सीमा म्हणून आलंय. पुढे पौराणिकांनी वें म्हणजे पाप, कट म्हणजे जाळणं अशी फोड बसवली. मराठीनं आणखी 'शुद्ध' करून वें चा व्यं केला. गंमत अशी की शहाजीराजांचे पुत्र व्यंकोजी हे दक्षिणी नाव घेऊनच तंजावरला गेले आणि तिथे मराठी राज्य उभं केलं. अण्णा, अक्का, अप्पा तर घरातच आहेत.

आता अंगयर्कण्णी. अम् म्हणजे सुंदर, कयल म्हणजे एक मासा, कण्णी म्हणजे डोळ्यांची. ल पुढे क आला की संधीत ल चा ऱ होतो. ही मदुरैची मीनाक्षीच. आणि 'मीन' हा शब्दही संस्कृतनं द्राविडी भाषांकडून घेतला असं बरेच भाषाभ्यासक मानतात. माशाला पापण्या नसतात. देवी लेकरांवरची नजर काढत नाही, असा भाव भाविक त्यात पाहतात.

आत्या :
आईला चंद्र सांगितला. "मग सरळ चंद्रिका ठेवा की" म्हणाली, पण सूर उतरला होता. पाळण्यावर लावायची अक्षरं आज आली. फुलवाल्यानं 'नीला' अशी दीर्घ करून आणली. वेलांटी उपटून अलीकडे लावताना शेवंतीच्या निम्म्या पाकळ्या गळाल्या. मीनाक्षीच्या वडिलांना, म्हणजे वहिनीच्या (आता मलाही तेच सुचायला लागलंय), फोनवर अंगयर्कण्णी म्हणून दाखवलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, र नको, ऱ. रविवारपर्यंत पाच दिवस आहेत.