नादभिंगाचा सांधा कुठाय?

उद्यमबागकर: परवा आमच्या कथाकट्ट्यावर एका पोरानं स्वतःची विज्ञानकथा वाचली. तिच्यात 'नादभिंग' नावाचं कल्पित यंत्र आहे, खानापूरच्या रानातल्या पडक्या देवळात ठेवलेलं. आपल्या मितीतला आवाज ते गोळा करतं आणि दुसऱ्या मितीत एका बिंदूवर एकवटतं. तिकडचा डोंगर फुटतो. कथा आवडली, खरं माझ्या मते ती अर्धीच झाली. दोन मितींना जोडणारा सांधा कुठंच नाही.

मी 22 वर्षं कास्टिंग, म्हणजे ओतीव लोखंडाचे भाग, तपासायलोय. अल्ट्रासॉनिकचा प्रोब, म्हणजे लोखंडात आवाज सोडून आतला दोष शोधायचं साधन, कोरड्या लोखंडावर ठेवला तर आतलं काहीच कळत नाही. बोटभर ग्रीस लावायचं, प्रोब दाबून जरासा फिरवायचा, की पडद्यावर बॅकवॉलचा, म्हणजे पलीकडच्या बाजूवरनं परत आलेला, इको सरळ उभा राहतो. मधे कागदाएवढी हवा राहिली तरी जवळजवळ सगळा आवाज परत फिरतो. 1980 साली म्युनिकमध्ये ध्वनीच्या धक्क्यांनी मूतखडा फोडायचा पहिला उपचार झाला, तेव्हा रुग्णाला पाण्याच्या टबात ठेवलं होतं ते ह्याचसाठी. मग दोन मितींच्या मधे काय भरलंय? तेवढं सांगितल्याशिवाय लेखकानं डोंगर फोडू नये.

बाचीची लेक: दादा, मला हे पटत नाही. कथेत यंत्र कसं चालतं ह्यापेक्षा तिकडे कोण ऐकतंय ते मोठं. माझं माहेर बाचीचं, कर्नाटकातलं. पलीकडची शिनोळी चंदगड तालुक्यात, म्हणजे महाराष्ट्रात. गणपतीच्या दिवसांत वारा तिकडून असला की शिनोळीच्या आरतीची झांज आमच्या ओसरीवर यायची. आजी हातातलं निवडणं सुपात ठेवून तिथूनच हात जोडायची. रस्त्यावर राज्य बदलतं, पाट्यांवरची अक्षरं बदलतात, झांज तशीच येते. ह्या पोराची कथा मला तिथली वाटली. त्याला ग्रीसचा हिशेब विचारू नका.

टिळकवाडीचा मास्तर: ताई, मिती म्हणजे शेजारचं गाव नव्हे. लिसा रँडल आणि रामन सुंद्रम यांनी 1999 मध्ये जादा मितीची एक मांडणी केली. तिच्यात आपलं विश्व एका पापुद्र्यासारखं आहे. पदार्थ आणि प्रकाश त्या पापुद्र्यालाच धरून राहतात, गुरुत्वाकर्षण तेवढं बाहेर पसरतं. आवाज म्हणजे पदार्थाचीच थरथर. पदार्थ जिथं जात नाही तिथं तो एकटा कसा जाणार?

शिवाय ऊर्जा बघा. माणसाच्या साध्या बोलण्यात 10 ते 20 मायक्रोवॅट ध्वनिऊर्जा असते. 10 लाख माणसं एकदम बोलली तरी 10 ते 20 वॅट, एका एलईडी बल्बाएवढी. ती सगळीच्या सगळी वापरली तरी कपभर चहा उकळायला अर्ध्या तासावर वेळ लागेल. डोंगर फोडायचा तर लेखकानं ऊर्जा दुसरीकडून आणावी.

खडेबाजार: सर, एकूण ऊर्जेवर का जाताय? उन्हात भिंग धरलं की कागद पेटतो, भिंग ऊन वाढवत नाही. विजापूरचा गोलघुमट शाळेच्या सहलीत आपण सगळ्यांनी बघितलाय. 1656 चं बांधकाम, घुमटाचा व्यास सुमारे 44 मीटर. सज्जात एका टोकाला कुजबुजलं की समोरच्या टोकाला शब्द न् शब्द कळतो. आवाज विखरायचा तो भिंतीच्या वळणाला धरून जातो, एवढंच. कथेतलं देऊळ तीनशे वर्षांच्या आरत्या साठवत असेल तर?

टिळकवाडीचा मास्तर: साठत नाहीत. त्याच घुमटात टाळी वाजवा. सात-आठदा परत येते आणि विरते. उरते ती उष्णता, दगडात आणि हवेत. एकवटणं कबूल, साठवण नाही.

बाचीची लेक: सर, मला एकच सांगा. दादांच्या प्रोबला हवा नडते. शिनोळीची झांज आमच्यापर्यंत त्याच हवेतनं येते की. मग हवा अडवते का पोचवते?

टिळकवाडीचा मास्तर: चांगलं विचारलंत. नुसती हवा अडवत नाही. लोखंड आणि हवा ह्यांच्यातली तफावत अडवते, सीमेवरच आवाज उलटा फिरतो. दोन्हीकडे एकच माध्यम असेल तर सीमा असून आवाजाला ती लागतच नाही.

उद्यमबागकर: हे मला सुचलं नव्हतं. म्हणजे ग्रीस नकोच, पलीकडची मिती इकडच्यासारखीच पाहिजे. तीच माती, तीच हवा. खरं मग हे त्यानं कथेत लिहिलंच पाहिजे, पहिल्या पानावर. ह्यावरनं मी हटत नाही.

बाचीची लेक: लिहू दे. खरं तिकडं सगळं इकडच्यासारखंच असेल तर डोंगर फोडणं आधी काढून टाका म्हणावं. त्या डोंगराखाली पण कुणाची तरी ओसरी असणार.